लूव्रची ट्रायल, जेसल पार्क

रविवार, सकाळी सात वाजून दहा मिनिटं. भाईंदर पूर्वेला, जेसल पार्कच्या खाडीकाठच्या पदपथावर काशीनाथ मांजरेकर यांनी शिट्टी वाजवली आणि त्यांच्या पत्नी उर्मिला पॅरिसचं लूव्र म्युझियम बघायला निघाल्या.

म्युझियम तिथून सात हजार किलोमीटरवर होतं आणि विमान अठरा दिवसांनी. ही ट्रायल होती.

ट्रायलचं कारण एक फॉर्म. मांजरेकर नवरा-बायको ज्या ‘दिगंत सफर’ कंपनीबरोबर युरोपला जाणार होते, तिने शुक्रवारी तो फोनवर पाठवला होता. सहलीच्या सातव्या दिवशी, बुधवारी, लूव्र. पर्याय अ : गाइडसह, साडेदहा ते बारा, कानात यंत्र, तीन जगप्रसिद्ध कलाकृती. पर्याय ब : आपापलं फिरा. दोन्ही पर्यायांत बस साडेबाराला सुटणार. फॉर्म सोमवारी संध्याकाळी सहाच्या आत भरायचा. आणि खाली ठळक अक्षरांत : एका खोलीला एकच पर्याय.

खोली एक होती आणि मतं दोन.

काशीनाथ बस डेपोत टाइमकीपर होते. तेहतीस वर्षं त्यांनी गाड्या वेळेवर सोडल्या आणि उशिरा आलेल्यांच्या नोंदी केल्या. नवा मार्ग सुरू व्हायचा असला की डेपोत एक रिकामी गाडी त्या मार्गावर फिरवत. ड्रायव्हरशेजारी घड्याळ घेऊन काशीनाथ. प्रत्येक थांब्याला किती मिनिटं लागली ते कागदावर उतरलं की मगच वेळापत्रक ठरे. निवृत्त झाल्यावर त्यांनी ही पद्धत घरी आणली. मुलगा कौस्तुभच्या लग्नाच्या आदल्या दिवशी त्यांनी मुहूर्ताच्याच वेळेला बोरिवलीच्या हॉलपर्यंत रिकामी गाडी नेऊन पाहिली होती. परिणामी नवरदेव अकरा मिनिटं आधी पोचला आणि ओवाळायला दारात कोणी नव्हतं. काशीनाथांच्या मते चूक दारातल्यांची.

तेव्हा गाइड घ्यायचा की नाही, हा प्रश्न चर्चेने सुटणार नाही, ट्रायलने सुटेल, असं त्यांनी शनिवारी जाहीर केलं. त्यांचं मत गाइडच्या बाजूचं होतं, पण तसं त्यांनी सांगितलं नाही. टाइमकीपरला मत नसतं.

कौस्तुभने ऑफिसातून म्युझियमच्या नकाशाचे तीन कागद छापून आणले होते. काशीनाथांनी ते एकाला एक चिकटवले, एका लांब गॅलरीच्या लांबीवरून प्रमाण काढलं आणि ते अंतर पदपथावर पावलांनी मोजून खडूने खुणा केल्या. पहिला बाक म्हणजे पंख असलेली देवी. व्यायामाच्या यंत्रांची जागा म्हणजे मोनालिसा. नारळपाणीवाल्याची हातगाडी म्हणजे हात नसलेली देवी. गाइडच्या भूमिकेत तिसऱ्या मजल्यावरच्या हंसाबेन. त्याही याच सहलीला निघाल्या होत्या, त्यांनी गाइडचा पर्याय शुक्रवारीच भरला होता, आणि त्यांच्याकडे जांभळी छत्री होती. छत्री उघडायची गरज नव्हती; ती वर धरायची होती.

“आइए, आइए, सब लोग मेरे पीछे,” हंसाबेननी छत्री उंच केली.

“सब लोग म्हणजे मी एकटीच आहे,” उर्मिला म्हणाल्या.

“उर्मिलाबेन, गाइडला असं बोलायचं नाय. फिलिंग येत नाय मग.”

बाकापाशी पहिला थांबा झाला. हंसाबेननी तयारी केली होती. देवीला पंख आहेत, ती जहाजावर उभी आहे, दोन हजार वर्षांपूर्वीची आहे, हे सगळं त्यांनी नीट सांगितलं. मग आवाज खाली आणून म्हणाल्या, “और इसका सिर नहीं है.”

“मुळीच नाही?” काशीनाथांनी विचारलं. त्यांनी बोलायचं नव्हतं, पण राहवलं नाही.

“मुळीच नाय. आणि दुसरीला हात नाय. काशीनाथभाई, एक बात बोलू? खंडित मूर्ती आपण घरात ठेवत नाय. त्या तिकडे घाटावर विसर्जन करतो. आणि हे लोक तिकीट लावून दाखवतात.”

मागून कोणीतरी हसलं. सकाळी चालायला आलेली तीन माणसं थांबली होती. हंसाबेननी त्यांच्याकडे पाहून छत्री जरा आणखी वर केली, आणि पुढच्या थांब्याकडे निघताना ती तिघंही निघाली. व्यायामाच्या यंत्रांपाशी पोचेपर्यंत हास्यक्लबातल्या दोन बायका आल्या. एका गृहस्थांनी काशीनाथांना विचारलं, हे हेरिटेज वॉक महापालिकेचं आहे का, आणि नाव कुठे नोंदवायचं. काशीनाथांनी सांगितलं, ही खाजगी ट्रायल आहे. गृहस्थ म्हणाले, चालेल, मी मागे मागे येतो.

मोनालिसापाशी हंसाबेन नऊ मिनिटं बोलल्या. काशीनाथांच्या वहीत त्या थांब्याची नोंद अशी : ‘सात मिनिटं सर्वांची पाठ मोनालिसाकडे. बघतात छत्रीकडे.’ मोनालिसाच्या जागी त्या वेळी एक काका खांदे फिरवायचं चाक फिरवत होते. आपल्याविषयी एवढं काय चाललंय ते त्यांना कळेना.

तिसऱ्या थांब्यावर, नारळपाण्याच्या गाडीपाशी, सात वाजून एकोणपन्नास मिनिटांनी काशीनाथांनी डोकी मोजली. स्वतःला धरून चौदा. ट्रायल एका माणसाची होती आणि चौदा माणसं जमली होती. पण ज्या एका माणसासाठी ट्रायल होती, ते त्यांत नव्हतं.

“उर्मिला कुठे गेली?”

हंसाबेननी छत्री खाली घेतली. “माझ्या मागेच होती.”

काशीनाथ उलटे निघाले. मागे बाकीचे तेरा. त्यांना हा कार्यक्रमाचाच भाग वाटला.

उर्मिला जेट्टीच्या पायरीवर सापडल्या. तिथे मंदा नावाची एक बाई फाटलेलं जाळं मांडीवर घेऊन बसली होती. भावाची होडी खाली बांधलेली. मंदाच्या हातात प्लास्टिकची चपटी सुई होती, आणि उर्मिला तिच्या इतक्या जवळ वाकल्या होत्या की मंदाला हात हलवायला जागा उरली नव्हती.

“बाय, सावली परते,” मंदा म्हणत होती. “मना गाठ दिसत न्हाय.”

“सॉरी, सॉरी. पण हा धागा इथून कुठे गेला?”

“यो? यो तिकरं गेला. तुमी आशा जवल आल्याव कश्या दिसल? जरा मागं व्हा.”

उर्मिला मागे सरकल्या. मग आणखी एक पायरी मागे. मग परत जवळ. काशीनाथ घड्याळ हातात धरून उभे राहिले. त्यांना आवाज द्यायचा होता, पण तेरा माणसं बघत होती.

“किती वेळ झाला?” शेवटी उर्मिलांनीच वळून विचारलं.

“अठरा मिनिटं. थांबा दोन आणि तीनच्या मधे. म्हणजे पॅरिसमध्ये तू हरवलीस.”

“मी हरवले नव्हते. मला माहीत होतं मी कुठे आहे.”

“आम्हाला माहीत नव्हतं. हरवणं त्यालाच म्हणतात.”

मंदाने दोघांकडे आळीपाळीने पाहिलं आणि जाळं दुसऱ्या मांडीवर घेतलं.

ट्रायल संपली. तिचा निष्कर्ष मात्र घरी पोचेपर्यंत दोन झाला. काशीनाथ म्हणाले, सिद्ध झालं : जी बाई जेसल पार्कात हरवते तिला लूव्रमध्ये गाइड हवा. उर्मिला म्हणाल्या, सिद्ध झालं : गाइड होता तरी मी मला हवं तेच बघत बसले, मग गाइड कशाला. पुरावा एकच होता. दोघांनी तो आपापल्या बाजूला ठेवून चहा घेतला.

उर्मिला ज्यासाठी अडून बसल्या होत्या, ते या तिन्ही थांब्यांवर नव्हतं.

त्या चित्रकलेच्या शिक्षिका. भाईंदर पश्चिमेला, मोरव्याच्या रस्त्यावरच्या एका मराठी शाळेत एकतीस वर्षं. त्यांच्या चित्रकलेच्या वर्गातल्या कपाटाच्या दारावर एका जुन्या कॅलेंडरचं पान चिकटवलेलं होतं. चित्र डच, साडेतीनशे वर्षांपूर्वीचं : पिवळ्या कपड्यातली एक मुलगी खाली मान घालून लेस विणते आहे. डावीकडे निळी उशी, उशीतून बाहेर आलेले लाल आणि पांढरे धागे. चित्र लूव्रमध्ये आहे, असं पानाखाली छापलेलं. उर्मिला बाई दर वर्षी आठवीला ते चित्र काढायला देत आणि दर वर्षी सांगत, धागे बघा, एकेक सुटा काढलाय, मेहनत बघा.

अठरा वर्षांपूर्वी संचिता भुवड नावाच्या मुलीने धागे काढलेच नाहीत. तिने ब्रश लाल रंगात बुडवला आणि उशीखाली सोडून दिला. रंग ओघळला. बाईंनी कागदाखाली लिहिलं, ‘धागे सुटे काढावेत,’ आणि क श्रेणी दिली. संचिता त्या वर्षी चित्रकलेच्या इंटरमीजिएट ग्रेडच्या परीक्षेला बसणार होती. बसली नाही. त्यामागे क होता की दुसरं काही, हे बाईंनी तेव्हा विचारलं नाही.

संचिता आता मीरा रोडला आरी वर्कचे क्लास घेते. ब्लाउजच्या बाह्यांवर सुईने भरलेले मोर आणि वेली. गेल्या दिवाळीत ती फराळाला आली होती. लाडू खाताना तिने फोन पुढे केला.

“बाई, हे ते तुमचं कपाटावरचं. म्युझियमच्याच साइटवर आहे. आता मोठं करते हां.”

तिने दोन बोटांनी चित्र मोठं केलं. लाल धागे आले. धागे नव्हते. लाल रंग होता, ओतल्यासारखा, ओघळलेला.

उर्मिलांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. “फोनवरच्या रंगाचं काही खरं नसतं,” त्या म्हणाल्या.

“मग कॅलेंडरवरच्या रंगाचं असतं?” संचिताने हसत विचारलं. “बाई, रिचेकिंगला टाकते हां मी. अठरा वर्षं लेट फी माफ करा.”

चेष्टाच होती. पण उर्मिलांनी ती चेष्टा म्हणून घेतली नाही. त्यांचं म्हणणं सरळ होतं : छापील चित्रावरून मी क दिला, ही एक चूक असेल, फोनवरच्या चित्रावरून तो मागे घेतला तर तीच चूक दुसऱ्यांदा होईल. मूळ बघेन, जवळून बघेन, मग सांगेन. एकतीस वर्षं, दर वर्षी चाळीसेक मुलं. बरोबर शिकवलं की चूक, हे एकदा कळलं पाहिजे. नाताळात कौस्तुभने विचारलं, आईबाबा, कुठे जायचं, सिंगापूर की युरोप. त्या म्हणाल्या, युरोप, आणि त्यात पॅरिस असलं पाहिजे.

काशीनाथांना हे सगळं माहीत होतं. त्यांनी कंपनीला मेसेजही केला होता, की गाइडच्या मार्गात एक चौथं चित्र घेता येईल का. उत्तर आलं : मार्ग ठरलेला आहे, बदल होत नाही, धन्यवाद. त्यांना त्या उत्तराचा राग आला नाही. तेही लोकांना हेच सांगत आले होते.

“पण मी नकाशावर मोजलंय,” रविवारी दुपारी जेवताना ते म्हणाले. “तुझं चित्र तिसऱ्या कागदाच्या पार टोकाला आहे. तुझ्या चालीने जायला यायला शेहेचाळीस मिनिटं. वर तू तिथे उभी किती राहणार?”

“अर्धा तास.”

“एका चित्रापाशी?”

“लहान आहे ते. लहान चित्राला वेळ लागतो.”

“म्हणजे सव्वा तास. शिवाय सुरुवातीला तपासणीची रांग, शेवटी बसपर्यंत चालणं. ब घेतला तर एवढंच होणार. मोनालिसा नाही, काही नाही. आणि रस्ता चुकलो तर बस गेली.”

“मग तुम्ही मोनालिसाला जा.”

“एका खोलीला एकच पर्याय.”

“हो ना. खोली बदलू का?” उर्मिलांनी त्यांना भात वाढला. “हंसाबेनच्या खोलीत एक जागा आहे.”

काशीनाथांनी भात कालवला. घरातला वाद असा कधी वाढत नसे. तो वाट बघत बसे. त्यांना गाइड हवा होता त्याचं खरं कारण रस्ता नव्हतं. तेहतीस वर्षं त्यांनी लोकांना कुठे कुठे पाठवलं होतं आणि स्वतः डेपोच्या केबिनमध्ये राहिले होते. एकदा तरी कोणीतरी पुढे चालावं, त्यांनी मागून जावं, आणि वेळ त्या माणसाने सांभाळावी. हे त्यांनी फक्त कौस्तुभला सांगितलं होतं, तेही प्रिंट काढायला सांगताना, अर्ध्या वाक्यात.

सोमवारी दुपारी चार वाजता संचिता आली. बाईंनी ब्लाउज बाहीला काम करायला दिला होता, तो द्यायला. टेबलावर तीन कागदांची लांब पट्टी पसरलेली, तिच्यावर लाल पेनाने मार्ग आणि मिनिटं.

“काका, हे काय, बसरूट?”

“लूव्र,” काशीनाथ म्हणाले. “हे टोक प्रवेश. हे टोक तुझ्या बाईंचं चित्र. मधे एक हजार एकशे पन्नास मीटर.”

संचिता वाकली. तिने पट्टीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत बोट नेलं, परत आणलं, आणि तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते तिने दाबलं.

“काका, हे कागद तुम्ही चिकटवले?”

“मीच. एकाला एक लावून.”

“हे मजले आहेत.”

“म्हणजे?”

“हा तळमजला. हा पहिला. हा दुसरा. बघा ना, आकार तिन्हीचा सेम आहे, वर शून्य, एक, दोन लिहिलंय. हे एकापुढे एक नाहीत, एकावर एक आहेत.”

काशीनाथांनी चष्मा कपाळावर घेतला आणि कागद अगदी जवळून पाहिले. शून्य, एक, दोन. त्यांना ते थांब्यांचे क्रमांक वाटले होते. बसचा मार्ग कधी स्वतःच्या डोक्यावरून जात नाही. तीन मजली म्युझियम त्यांनी जेसल पार्कच्या पदपथावर आडवं पाडलं होतं आणि बायकोला तेवढं चालवलं होतं.

“कौस्तुभने सांगितलं नाही,” ते म्हणाले.

“तुम्ही विचारलंत का?” उर्मिला स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाल्या. त्या हसत नव्हत्या. त्याबद्दल काशीनाथांनी नंतर आभार मानले.

काशीनाथांनी कात्री आणली. चिकटपट्टी कापून तिन्ही कागद एकावर एक ठेवले, खिडकीच्या काचेवर धरले आणि उन्हात आरपार बघून लाल रेघ पुन्हा काढली. मोनालिसा पहिल्या मजल्यावर. बाईंचं चित्र दुसऱ्या मजल्यावर, इमारतीच्या मधल्या चौकाच्या पलीकडच्या बाजूला. एक लांब वळण आणि वर जायचा जिना. जायला यायला शेहेचाळीस मिनिटं होती, ती जाग्यावर तीस झाली. ते खुर्चीत बसले, वही उघडली, आणि पुढचा पाऊण तास ते मिनिटं मांडत राहिले. संचिताला दोनदा चहा मिळाला.

पाच वाजून वीस मिनिटांनी ते म्हणाले, “अ घेतला तरी होतं.”

उर्मिला येऊन समोर बसल्या.

“साडेदहाला गाइड सुरू. पहिली देवी, मग मोनालिसा. हंसाबेनच्या गतीने धरलं तरी अकरा वीसला मोनालिसा संपते. तिसरा थांबा, ती हात नसलेली, तू घ्यायची नाहीस. तिथे तू...” त्यांना शब्द जड गेला. “तिथे तू उतरायचं.”

“मधल्या स्टॉपवर.”

“मधल्या स्टॉपवर. अकरा पस्तीसला चित्रापाशी. अर्धा तास. बारा पाचला निघायचं. बारा पंचवीसला बसपाशी. पाच मिनिटं हातात.”

“आणि तुम्ही?”

“मी येतो ना तुझ्याबरोबर.”

“नको,” उर्मिला म्हणाल्या. “तुम्ही गाइडबरोबर राहा. तुम्हाला ते ऐकायचंय, मला माहितीये. कौस्तुभने सांगितलं.” मग म्हणाल्या, “आणि तुम्ही आलात तर घड्याळ बघत राहाल. मला ते ऐकू येतं.”

“घड्याळ वाजत नाही माझं.”

“तुम्ही वाजता.”

संचिताने चहाच्या कपात बघितलं.

फॉर्म पाच वाजून बावन्न मिनिटांनी गेला. मांजरेकर, खोली एक, पर्याय अ. काशीनाथांनी आयुष्यात पहिल्यांदा, प्रवासी मधेच गाडी सोडणार हे माहीत असताना, गाडी पूर्ण भरलेली दाखवली. सही करायला जागा नव्हती, ते त्यांना बरं वाटलं.

निघताना संचिता दारात चप्पल घालता घालता म्हणाली, “बाई, धागे निघाले तर क राहू दे. मला काही नाही.”

“आणि रंग निघाला तर?”

“तर मग बाकीच्या चाळीस जणांचं बघा. त्यांनी धागे काढलेत ना.”

पुढचं जे आहे ते मेसेजवरून कळलेलं आहे, आणि वेळा पॅरिसच्या आहेत. भाईंदरचं घड्याळ साडेतीन तास पुढे.

बुधवारी दहा पंचविसाला गट आत गेला. अडतीस माणसं, कानात यंत्रं, गाइडच्या हातात पिवळी छत्री. हंसाबेननी सोसायटीच्या ग्रुपवर छत्रीचा फोटो टाकला आणि खाली लिहिलं, ‘माझी जास्त चांगली होती.’ पहिल्या देवीपाशी त्यांनी कळवलं की डोकं खरंच नाही, पण पंख बघून अंगावर काटा आला, आणि विसर्जनाचं आपण बोललो ते मागे घेते. काशीनाथांनी कौस्तुभला एकच ओळ पाठवली : ‘गाइड बाई आहे. वेळेची पक्की. ऐकत राहावंसं वाटतं.’ मुलाला बापाकडून एवढा लांब मेसेज या सहलीत पहिल्यांदाच आला होता.

मोनालिसासमोर फार गर्दी होती. ते थांबणं अकरा वीसला संपायचं, ते अकरा अठ्ठावीसला संपलं. आठ मिनिटं तिथेच गेली. अकरा एकोणतीसला उर्मिलांनी कानातलं यंत्र काढून काशीनाथांच्या हातात दिलं. हे हंसाबेननी पाहिलं. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे काशीनाथांनी ते दुसऱ्या कानात घातलं, दोन्ही कानांत तेच ऐकत उभे राहिले आणि मागे वळून बघितलं नाही. एकदाच बघितलं.

अकरा अडतीसला उर्मिलांचा संचिताला मेसेज : ‘जिना चढले. खिडकीतून चौक दिसतो. बरोबर आहे बहुतेक.’

मीरा रोडला दुपारचे तीन वाजून आठ मिनिटं झाली होती. संचिताच्या क्लासमध्ये सहा जणी फ्रेमभोवती बसल्या होत्या. तिने फोन फ्रेमच्या कडेला, मोराच्या शेपटीशेजारी उभा करून ठेवला. त्याशेजारी एक जुना ड्रॉइंगचा कागद होता, दुमडीवर फाटलेला. तो ती घरून घेऊन आली होती. का आणला, असं क्लासमधल्या क्षितिजाने विचारलं तेव्हा म्हणाली, “रिझल्ट आहे आज.”

अकरा सेहेचाळीसला दुसरा मेसेज : ‘सापडलं. वहीच्या पानाएवढंच आहे. समोर एक कुटुंब उभं आहे, ते हलले की जवळ जाते.’

संचिताने विचारलं, ‘धागे?’

त्या मेसेजखाली दोन खुणा आल्या. त्या निळ्या झाल्या नाहीत.

बारा पाचला उर्मिलांनी निघायचं होतं. बारा पंचवीसला बसपाशी यायचं होतं. बारा अठ्ठावीसला टूर मॅनेजरने बसमध्ये डोकी मोजली : सदतीस. त्याने पुन्हा मोजली. सदतीस. त्याने माइकवर विचारलं, कोण राहिलं, तेव्हा काशीनाथ जागेवरून उठून दाराशी गेले.

हंसाबेनचा सोसायटीच्या ग्रुपवरचा मेसेज बारा तेहतीसचा आहे, जसाच्या तसा : ‘उर्मिलाबेन अजून आली नाय. ड्रायव्हर बोलतो इथे गाडी उभी ठेवायला पाच मिनिट पण परमिशन नाय. काशीनाथभाई दरवाज्यात उभा आहे, एक पाय आत एक पाय बाहेर, दरवाजा बंद नाय होत. ड्रायव्हरला बोलतो टाइम झाला नाय. ड्रायव्हरने त्याचं घड्याळ दाखवलं. काशीनाथभाईने घड्याळवाला हात खिशात घातला.’

त्यानंतर ग्रुपवर अकरा जणांनी हात जोडलेले पाठवले आहेत. कौस्तुभने आईला दोनदा फोन लावला. वाजतो, उचलला जात नाही. संचिताने सहा जणींना सुट्टी दिली, पण एकही उठलेली नाही. भाईंदरमध्ये चार वाजून नऊ मिनिटं झाली आहेत. उर्मिला मांजरेकर यांनी फोन शेवटचा पाहिला तो अकरा सेहेचाळीसला, चित्रासमोर.